हावड्यापलीकडचं मैदान

नंदुरबारला हावड्याची गाडी पकडली तेव्हा सोबत थोरली जाऊ मंगलाबाई होती आणि डब्यात कळण्याच्या (ज्वारी-उडदाच्या) भाकरी. माझी लेक रोशनी राज्याच्या मुलींच्या फुटबॉल संघात गोलकीपर आहे. कोलकात्याच्या मोठ्या स्टेडियममध्ये तिची फायनल होती. तिला खेळताना घरातलं कोणी कधी पाहिलंच नव्हतं. फोनवर म्हणाली होती, "माय, एक डाव तरी ये."

नागपूरनंतर कापूस संपला, पुढं भातशेती लागली. खरगपूरनंतर तर घरागणिक तळं. रोशनीनं रिओचं, मेक्सिकोचं, लंडनचं मैदान नकाशावर बोट ठेवून मला दाखवलं होतं. कोलकात्याचं मात्र मी विचारलंच नाही. वाटलं, आपल्याकडच्यासारखं असेल स्टेशनजवळ.

गाडी उशिरा पोचली. टॅक्सीवाला हसला. "माताजी, स्टेडियम तो शहर के उस पार है."

पूल ओलांडला, खाली केवढी नदी! तरी शहर सरेना. सामना कधीच सुरू झाला होता.

फाटकाशी मी चपला काढून हातात घेतल्या.

"काबर काढ्या वं? हाई काय देऊळ शे?" मंगलाबाई.

"खळामा कोनी चपला घालस का?" खळ्यात धान्याची रास पडते, तशी पोरीच्या कष्टाची रास इथंच पडणार होती.

"चाल, खळावाली!"

आत डोळे फिरले. आमचं सगळं प्रकाशा गाव मावेल एवढं स्टेडियम, पण माणसं मूठभर. सामना बरोबरीत सुटला होता, पेनल्टी चालल्या होत्या. शेजारच्या मुलीनं सांगितलं, ही शेवटची, अडवली की महाराष्ट्र जिंकला. गोलात रोशनी एकटी उभी.

मी कठड्याला धरून ओरडले, "रोशनी! मी उनी (आले) वं!"

रिकाम्या बाकांवरून आवाज घुमत गेला. तिनं मान वळवली नाही, फक्त हातमोजे एकमेकांवर आपटले. चेंडू आला. ती डावीकडं झेपावली आणि पोटाशी धरूनच पडली.

मंगलाबाईनं माझी पाठ बडवून काढली. "धरा (धरला) वं पोरनी, धरा!"

रोशनी मातीनं भरलेली धावत आली. "माय, आवाज तुन्हाच व्हता ना?"

परतताना नंदुरबारहून प्रकाशाची एसटी खचाखच भरलेली. एका बाईनं विचारलं, कुठं गेला होतात? मंगलाबाईनं तोंड उघडायच्या आत मीच बोलले, "मन्ही पोरनी फायनल देखाले. जिंकनी ती!"

सगळी गाडी वळून बघायला लागली. एरवी लगेच सावरते तो पदर मी सावरला नाही. त्यांना सांगत बसले, पार प्रकाशा येईपर्यंत.