नावाला ओ

सोलापूरहून निघताना नानीने (आईच्या आईने) बजावलं होतं, "गाव बघ आणि परत ये. कुणाची कोण, ते सांगू नकोस."

निजामाची सत्ता गेली त्या दिवसांत तिच्या अब्बांना आणि आणखी काही जणांना त्या गावातल्याच लोकांनी विहिरीत ढकललं होतं. अब्बा अत्तर विकायचे. रझाकारांशी त्यांचा संबंध नव्हता. यंदा सतरा सप्टेंबरला, मुक्तिदिनाच्या झेंडावंदनाला, विहिरीतल्यांचीही नावं घेणार असं कळलं, म्हणून मी निघाले.

येडशीला एसटी सोडून वडापमध्ये (भाड्याच्या जीपमध्ये) बसले. पायाशी खव्याचे डबे.

शेजारच्या आजींनी विचारलं, "कुणाची गं तू?"

"सोलापूरची."

"गाव न्हाय इचारलं." त्यांनी हसून माझ्या हातावर पेढा ठेवला. त्या कोंडाबाई, त्याच गावच्या. "माझ्या बापाला रझाकारांनी मारलं. झेंड्याखाली त्याच्या नावाला म्या ओ देते."

गावची रीत त्यांनीच सांगितली. मारल्या गेलेल्याचं नाव पुकारतात. कुणी 'हाय' म्हटल्याशिवाय पुढचं नाव घेत नाहीत.

"मग विहिरीतल्यांना ओ कोण देणार?"

"त्यांचं हितं कुणी ऱ्हायलंच न्हाय. काही जण म्हनत्यात, मग नावं तरी कशाला घ्यायची."

उतरताना काळ्या चिखलाने माझी चप्पल ओढून घेतली. ती निघेपर्यंत कोंडाबाई थांबल्या.

शाळेच्या मैदानात सरपंचताई नावं पुकारत होत्या. बापाच्या नावाला कोंडाबाईंचा "हाय" खणखणीत आला. मग नानीच्या अब्बांचं नाव आलं, "चांदपाशा अत्तार."

मागून एक माणूस म्हणाला, "घ्या पुढचं, ताई."

ताई थांबूनच राहिल्या. शाळेत हजेरीलासुद्धा माझा आवाज बाईंपर्यंत पोचत नसे. मी "हाय" म्हणाले, ते मलाच ऐकू आलं. पुन्हा म्हणाले.

सगळ्यांनी वळून पाहिलं.

"सोलापूरची म्हनं," कोंडाबाई पुटपुटल्या आणि त्यांनी माझा हात धरला. विहिरीतल्या पुढच्या नावाला त्यांनी ओ दिली. त्याच्या पुढच्या नावाला, मागच्या त्या माणसाने.

गावाने सगळं कबूल केलं असं मी म्हणणार नाही. ढकलणाऱ्यांची नावं कुणी घेतली नाहीत. पण तिथून निघताना मला खाली मान घालून चालावं लागलं नाही.

घरी आल्यावर नानीला सांगून टाकलं. ती रागावली नाही. कशी ओ दिली, ते तिने पुन्हा पुन्हा विचारलं. मग पदर सारखा करून म्हणाली, "पुढच्या वर्षी तू गप्प बस. अब्बांची लेक जिवंत आहे अजून."