भाऊजींच्या भीतीचा गुणाकार

माझ्या थोरल्या बहिणीच्या यजमानांइतका भित्रा माणूस अख्ख्या पोलादपूर तालुक्यात दुसरा नसेल. साधी माणसं एका वेळी एकाच गोष्टीला भितात. भाऊजी गुणाकार करून भितात. महाडला लग्नाला जायचं ठरलं की अंगणात त्यांच्या येरझाऱ्या सुरू. हमरस्त्याने जाता येतं आणि गावागावांतल्या आतल्या वाटेनेही, म्हणजे रस्ते दोन. एसटी, रिक्षा, स्कूटर, वाहनं तीन. बे त्रिक सहा. जेवून निघा किंवा उपाशी निघा, सहा दुणे बारा तऱ्हा. मग प्रत्येक तऱ्हेत काय बिघडेल हे ते ताईला सविस्तर ऐकवत. स्कूटरवर उपाशी बसलो तर भोवळ, एसटीत जेवून बसलो तर उलटी. "मग घरीच थांबा," ताई म्हणे. "घरी थांबायच्या तऱ्हा मोजल्यास का तू?" ते गंभीरपणे विचारत. बहुतेक लग्नांना ते अक्षता पडून गेल्यावरच पोचत.

गेल्या पावसाळ्यात मी त्यांच्याकडे गेलो होतो. दुपारी भांडी घासता घासता ताई छाती धरून खाली बसली. कपाळावर घाम, शब्द तुटत होते. भाऊजी उंबऱ्यातच पुटपुटू लागले, "दवाखाना महाडचा की खेडचा, दोन. रिक्षा, जीप, रुग्णवाहिका, तीन. सहा." सहांतली नेमकी चुकीची तऱ्हा निवडली तर? त्यांचे पाय हलेनात. मी शेजारी हाक मारली. तेवढ्यात शेजारचे शांतारामदादा दारात जीप घेऊन आले.

"कशेडीच्या घाटात दरड आलीय. खेडला जायाचा नाय. वैनीला उचला, महाडला जाऊ."

एकच रस्ता, एकच गाडी. भाऊजींनी ताईला उचललं.  वाटभर ते तिचा हात दोन्ही हातांत घट्ट धरून होते आणि त्यांचे ओठ हलत होते.

वेळेवर आणलंत, असं डॉक्टर म्हणाले. बाहेरच्या बाकावर मी भाऊजींना चहा दिला. 

"गाडीत काय मोजत होतात?" मी विचारलं.

"ही गेली तर मी कसा जगेन, त्याच्या तऱ्हा," ते हळूच म्हणाले. "एकही निघाली नाही रे."

ताई आता बरी आहे. त्यांच्या हिशेबांना पूर्वीसारखीच हसते. बाकावरचं ते बोलणं मी तिला सांगितलेलं नाही. भाऊजींनीच कधीतरी सांगावं, असं मला वाटतं. अजून तरी त्यांना धीर होत नाही.