नागसेन भाऊजी आणि लोकांची दारं

माझ्या मोठ्या बहिणीचा, मायाताईचा नवरा म्हणजे नागसेन भाऊजी. अठरा वर्षं फौजेत होते, आता वाडीला एका गोदामावर सुपरवायझर आहेत. माणूस सरळ, कष्टाळू. पण कुणाचं दार वाजवणार नाही. स्वतःच्या घराचंसुद्धा नाही. संध्याकाळी फाटकाशी उभे राहून ताईला फोन करतात, मग ती येऊन दार उघडते.

त्यांच्या मुलीच्या, प्रीतीच्या लग्नाच्या पत्रिका वाटायला निघालो तेव्हा मात्र माझं डोकं फिरलं. मुलीचा बाप गल्लीच्या तोंडाशी गाडीवर बसलेला, आणि घरोघरी बेल दाबत फिरतोय मामा. नातेवाइकांनी नाकं मुरडली. मीही सुनावलं, "भाऊजी, लोकायचे दारं काय चावते काय?" ते नुसते हेल्मेटची काच पुसत राहिले.

शेवटी प्रीतीच म्हणाली, "बाबा, बाकी कुठी नका जाऊ. पण रोशनकाकाच्या आईले तुमीच सांगा." रोशन भाऊजींच्या पलटणीतला, काटोलचा. सीमेवर मारला गेला. त्याची आई इंदूबाई काटोलला एकटीच राहते. भाऊजी हो म्हणाले.

काटोलच्या बसमध्ये ते पहिल्यांदा बोलले. चौकीवर गोळा पडला तेव्हा रोशन त्यांच्या बाजूलाच होता. जिल्हा एक म्हणून मयतासोबत त्यांनाच पाठवलं.

"दार म्याच वाजवलं गा. खबर घरी पोचलीच नव्हती. मावशी हासत आली. गाडीतून पोरगा उतरते काय, ते पाहून राहिली होती. तवापासून दारावर हात ठेवला का मले तेच तोंड दिसते."

माझ्या जिभेची मला लाज वाटली.

इंदूबाईंचं दार लोटलेलं होतं. "मी वाजवतो," मी म्हणालो. भाऊजींनी नको म्हणून मान हलवली. हात वर नेला, खाली घेतला. सदरा पाठीला चिकटला होता. मग त्यांनी दोनदा दार वाजवलं. मला इतकं बरं वाटलं! वाटलं, सुटला माणूस.

इंदूबाई बाहेर आल्या. भाऊजींना त्यांनी लगेच ओळखलं. हातातल्या पाकिटाकडे पाहिलं आणि चौकट धरून त्या हळूच म्हणाल्या, "आता कोन गेलं, बाबू? माह्या घरी तं मीच उरली."

भाऊजींनी पत्रिकेचं पाकीट माझ्या हातात दिलं. लग्नाचं आमंत्रण शेवटी मीच दिलं.