गोदूचा उपास

मंगळवार, १० फेब्रुवारी २०२६. सकाळी पाणी कमी दाबाने आलं. गोदूला अंबरनाथला नेलं, नाथाभावजी बरोबर होते. वजन पुन्हा उतरलं आहे. डॉक्टर म्हणाले, पुढच्या मंगळवारी काटा याहून खाली गेला तर केमोचा डोस देणार नाही, पुढे ढकलू. घरी आल्यावर गोदूने थोडी पेज घेतली, ती पोटात राहिली नाही. दुपारी तिने सांगितलं की येत्या रविवारी ती शिवरात्रीचा उपास धरणार आहे. मी बोलले.

‘मी बोलले’ एवढंच माधवीबाईंनी वहीत लिहिलं खरं, पण ते बोलणं समोरच्या नव्या टॉवरच्या बाल्कन्यांपर्यंत गेलं होतं. कपडे वाळत घालणारी एक बाई चिमटे हातात धरून ऐकत उभी राहिली होती.

“जेवायला बसवलं की तोंड फिरवतेस, आणि आता उपास? महादेवाने मागितला का तुझ्याकडे?”

“मागायला कशाला पायजे,” गोदू पलंगावरूनच म्हणाली. “लग्न होऊन आले तवापासून धरतंय. एक वर्ष पण चुकला नाय.”

“या वर्षी चुकेल.”

“बघू.”

हे ‘बघू’ माधवीबाईंच्या चांगलं ओळखीचं होतं. खरवईच्या या घरात त्या दोघी जावा म्हणून चाळीस वर्षांहून अधिक काळ एका स्वयंपाकघरात वावरल्या होत्या. थोरल्या माधवीबाई कल्याणच्या कॉन्व्हेंटात शिकलेल्या. शेतकऱ्याच्या घरात आल्या तरी काट्याचमच्यासारखी सरळ पाठ घेऊन आल्या आणि ती पाठ अजून तशीच होती. धाकटी गोदू वांगणीकडच्या पाड्यातली. लावणीला उतरली की बांधावरून बघणाऱ्यांचे डोळे दमायचे, तिचे हात दमायचे नाहीत. सगळ्यांचं झाल्यावर ओट्याशी उभ्या उभ्या जेवायची, आणि कोणी काही सांगितलं की ‘बघू’ म्हणून मनातलं करायची. शेतं गेली, त्यांच्या जागी टॉवर आले, माधवीबाईंचे चिंतामणी गेले, गोदूच्या अभिजीतचं लग्न होऊन स्वप्नाली घरात आली. ‘बघू’ मात्र कुठे गेलं नाही. मागच्या वर्षाअखेरीस छातीत गाठ निघाली तेव्हाही गोदू आधी ‘बघू’च म्हणाली होती. त्या वेळी माधवीबाईंनी तिला हाताला धरून रिक्षात बसवलं होतं.

केमो सुरू झाल्यापासून घरातलं जेवण माधवीबाईंनी आपल्या हाती घेतलं. त्यांच्या शाळेतल्या सिस्टर जेवणाच्या बाबतीत कडक होत्या. वेळेवर बसायचं, बोलायचं नाही, पानात टाकायचं नाही. बाईंनी गोदूसाठी तेच लावलं. एरवी पेपर आणि बिलं पडलेलं डायनिंग टेबल पुसून मोकळं केलं, गोदूला खुर्चीत बसवलं, समोर गरम गरम ताट मांडलं. वरणाला हिंग-लसणाची फोडणी, कारण वासाने भूक चाळवते असं त्यांना वाटे. गोदूचा नवरा, म्हणजे नाथाभावजी, डाव्या बाजूला, स्वप्नाली घरी असली तर उजव्या बाजूला, आणि स्वतः बाई चष्मा लावून समोर. सगळे मिळून गोदूच्या हाताकडे बघत.

गोदू घास उचलायची, तोंडाशी न्यायची आणि परत ठेवायची.

“कसं लागतं?” नाथाभावजी विचारायचे.

“नळाची तोटी चाटल्यावानी.”

मग बाईंनी कपाटातून अभिजीतच्या बारशाची चांदीची वाटी काढली, चिंचेने लख्ख घासली आणि तिच्यात खीर दिली.

“आता?”

“आता चांदीची तोटी,” गोदू म्हणाली आणि वाटी सरकवली.

जिभेवरचे फोड तर केव्हाच बरे झाले होते. ओकारीची गोळी वेळेवर जात होती. मिठाच्या कोमट पाण्याने चुळा भरून घेतल्या जात होत्या. तरी बाई ताट घेऊन आल्या की गोदूचा चेहरा परीक्षेचा पेपर बघितल्यासारखा व्हायचा. वर भेटायला येणारे. एकीने पपईच्या पानांचा रस सांगितला, एकाने गव्हांकुरांची पिशवीच आणून ठेवली, तिसरीने गोदूसमोर बसून आपली मावशी कशी खंगत गेली ते पहिल्यापासून सांगितलं. बाईंनी त्या तिसरीला चहासुद्धा विचारला नाही. आणि आता हा उपास.

बुधवारी त्यांनी अंबरनाथच्या केमो डे-केअरच्या आहारतज्ज्ञ प्रगती मॅडमना फोन लावला. मॅडम तिशीच्या आतल्या, पण बाई त्यांना मॅडमच म्हणत. आपल्या बाजूने एक शिकलेला माणूस हवा होता. मॅडम ‘उपास अजिबात नाही’ म्हणाल्या की फोन स्पीकरवर टाकायचा, एवढा बेत होता.

“त्या उपासाला काय काय खातात?” मॅडमनी विचारलं.

“खाते कसली. देवळात दर्शन होईपर्यंत पाणीसुद्धा घेत नाही.”

“पाण्याशिवाय नाही चालणार. आणि जत्रेच्या गर्दीत तर मुळीच नको, इन्फेक्शन होईल. पण घरी राहून फराळाचं खात असतील तर खाऊ दे ना, काकू. दही घरचं, ताजं असू दे. शेंगदाण्याचं काहीतरी करा. फळ धुऊन, घरी फोडून. शिळं नको, बाहेरचं उघड्यावरचं नको. मी काय म्हणते, पोटात काही गेलं तर झालं.”

बाईंनी फोन स्पीकरवर टाकला नाही. शिकलेली माणसंही हल्ली अशी, असं त्यांच्या मनात आलं.

शेवटी तह नाथाभावजींनी केला. शिवरात्रीच्या दोन दिवस आधी ते बदलापूरच्या बाजारात गेले. बारवीच्या बाजूने येणारी ठमाबाई तिथे टोपलीत कवठं घेऊन बसते. तिच्याकडून पिकली कवठं आणि पळसाच्या पानांचे द्रोण घेऊन आले. दरवर्षी आणत, तसेच. पिशवी ओट्यावर ठेवून म्हणाले, “वैनी, तिला देवळात नेत नाय मी. तेवढं तिला सांगितलंय, ती रडली पण ऐकली. आता घरातला उपास तरी राहू दे. तो पण काढून घेतला तर तिच्याजवळ आजारच राहील नुसता.”

बाईंनी पिशवीतून एक कवठ काढून हातावर तोललं. “पाणी प्यायचं,” त्या म्हणाल्या. “आणि मी देईन ते फराळाचं खायचं. नाहीतर मी माझ्या बहिणीकडे जाते, तुम्ही तिचं बघा.”

“जा की,” आतून गोदूचा आवाज आला. “बहीण आठ दिस ठेवून घेईल का तुमाला?”

बाई गेल्या नाहीत.

रविवारी सकाळी गोदू बऱ्याच दिवसांनी आपणहून उठली. डोक्याला ओढणी गुंडाळून स्वयंपाकघरात आली आणि खाली पाट टाकून बसली. बाईंनी कवठं धुऊन फोडून दिली. गोदूने गर काढला, गूळ, तिखट, मीठ घालून हाताने कालवला. चव बघितली नाही, नैवेद्याचं होतं. देवापुढे द्रोण ठेवला, हात जोडले, आणि तिथेच भिंतीला टेकून बोटाने चटणी चाटली.

पुन्हा चाटली.

बाई दारात उभ्या होत्या. चष्मा लावायला हात वर गेला होता, तो तसाच खाली घेतला.

“वरीचे तांदूळ देऊ का थोडे?” त्यांनी दुसरीकडे बघत विचारलं.

“निवले असतील तर द्या.”

निवले होते, कारण बाईंचा सगळा वेळ उजळणी करण्यात गेला होता की आज ही काही खाणार नाही तेव्हा मंगळवारी डॉक्टरांना काय सांगायचं. गार वरी, तीवर गार शेंगदाण्याची आमटी, द्रोणात. गोदूने निम्मं खाल्लं, बाजूला ठेवलं, नातेवाइकांच्या लग्नाच्या गोष्टी सांगितल्या आणि थोड्या वेळाने उरलेलं ओढून घेतलं. दुपारी दही-साखर. मग उकडलेलं रताळं, हातात धरून, ओसरीवर उन्हात बसून, येणाऱ्या-जाणाऱ्यांकडे बघत. संध्याकाळी परत कवठ. उपास धरलेली बाई दिवसभर काही ना काही चघळत होती आणि तिला आग्रह करणारी बाई रागाने धुमसत होती.

“दीड महिना मी काय काय केलं,” रात्री बाई स्वप्नालीला म्हणाल्या. “पेज केली, खीर केली, मुगाचं कढण केलं. आणि हिला रताळं हवं होतं.”

“काकी, खाल्लं ना पण. चिल.”

“मला चिल सांगू नकोस.”

सोमवारी उपास सोडायचा. स्वप्नालीने सासूचं पारणं म्हणून सुट्टी टाकली होती. दोघींनी मिळून साग्रसंगीत घाट घातला. आज भूक लागलेलीच आहे, आज ताट रिकामं होणार, असं बाईंनी मनाशी धरलं होतं. तूप तापलं, मोहरी तडतडली, हिंग पडला, लसूण लाल झाला, वरणावर चर्र आवाज झाला आणि घरभर वास पसरला.

ओसरीवरून खुर्ची सरकल्याचा आवाज आला. मग मोरीचं दार.

पाठ चोळून, तोंड धुवायला लावून बाईंनी तिला पलंगावर आणून बसवलं. टेबलावर ताटातून वाफा निघत होत्या. स्वप्नाली पळी हातात घेऊन उभी होती, रडायच्या बेतात. उद्या काटा होता.

“काल बरं चाललं होतं तुझं,” बाई म्हणाल्या. आवाजात राग होता, पण तो दमलेला होता. “काल काय होतं आणि आज काय झालं, सांगशील का एकदा?”

गोदू डोळे मिटून होती. “काल घरात वास नव्हता.”

“कसला?”

“फोडणीचा. फोडणी पडली का पोट वर येतं माझं. गरम वाफ नाकात गेली का संपलं. काल सगळं गार होतं. स्टीलचं ताट नव्हतं. आणि कोणी समोर बसलं नव्हतं.”

बाई पलंगाच्या कडेला टेकल्या. “मग दीड महिना मूग गिळून का बसली होतीस?”

“सांगणार कसं? तुमी एवढा जीव ओतून फोडणी द्यायच्या. आणि समोर बसायच्या सगळी, नाटक बघायला बसल्यावानी. तुमी तर चष्मा लावून. मना आयुष्यात कोणी जेवताना बघितलं नाय, बाई. घास गिळायचा कसा तेच इसरले मी.”

नाथाभावजींनी खाकरून खिडकीबाहेर बघितलं. स्वप्नालीने पळी हळूच भांड्यात ठेवली.

बाई उठल्या. पंखा लावला, सगळ्या खिडक्या उघडल्या, फोडणीचं वरण झाकून मागच्या पडवीत नेऊन ठेवलं. कुकरमध्ये बिनफोडणीचं वरण उरलं होतं. ते भातावर घालून बशीत पसरलं, निवू दिलं, वर लिंबू पिळलं, आणि कालच्या गठ्ठ्यातल्या कोऱ्या द्रोणात भरून पलंगाशेजारच्या स्टुलावर ठेवलं. ज्वारीच्या पिठाच्या डब्यात लाकडी चमचा होता, तो धुऊन त्यात खोचला.

“हे इथे आहे. खायचं तर खा,” त्या म्हणाल्या. “भावजी, स्वप्नाली, चला बाहेर. आपल्याला आपली जेवणं आहेत.”

“मग आज पारणं नाय?” गोदूने विचारलं.

“नाही. आज सोमवार, महादेवाचाच वार आहे. उपास चालू आहे असं समज.”

“भात घालून?”

“मी थोरली आहे. मी सांगते ते शास्त्र.”

गोदू बऱ्याच दिवसांनी हसली. ती हसली तेव्हा बाई खोलीबाहेर होत्या आणि दाराकडे पाठ करून बसल्या होत्या, सक्तीने. आतून लाकडी चमच्याचा काही आवाज येत नव्हता. पानाचा द्रोण वाजत नाही, हे त्यांना तेव्हा कळलं आणि त्याचाही राग आला. नाथाभावजी दोनदा उठायला निघाले, दोनदा बाईंनी नुसत्या नजरेने त्यांना खाली बसवलं. मागची आवराआवर झाल्यावर त्या आत गेल्या. गोदू कुशीवर वळून झोपली होती. द्रोणात तळाशी लिंबाची एक बी राहिली होती.

मंगळवारी अंबरनाथला गोदू चपला काढून काट्यावर चढली. बाईंनी तिची पिशवी धरली होती. नर्सने आकडा वाचून दाखवला. मागच्या मंगळवारपेक्षा खाली नव्हता. किंचित वर होता, इतका किंचित की नाथाभावजींनी नर्सला परत वाचायला सांगितलं. डॉक्टरांनी रक्ताचा रिपोर्ट बघितला, फाइलवर सही केली आणि आत घ्या म्हणाले.

सलाइन सुरू झालं तेव्हा प्रगती मॅडम राउंडला आल्या. “काकू, छान. काय खायला घातलंत?”

“उपास करवला,” बाई म्हणाल्या.

मॅडम हसू लागल्या. बाईंना त्यात हसण्यासारखं काही दिसलं नाही. त्यांनी मॅडमना गार जेवण, लिंबू, थोडं थोडं, वास नको, समोर बसायचं नाही, हे सगळं एका दमात सांगितलं. मॅडम म्हणाल्या, हे तर त्यांनी पहिल्याच दिवशी दिलेल्या कागदावर छापलेलं आहे. बाई म्हणाल्या, तो कागद इंग्रजीत आहे आणि मी तो नीट वाचला होता. त्यात ‘कडक वास टाळा’ असं होतं. आमच्या घरच्या फोडणीला कोणी कडक वास म्हणेल असं मला वाटलं नव्हतं.

खुर्चीत मागे रेललेली गोदू डोळे न उघडता म्हणाली, “मी म्हणेन.”

संध्याकाळी घरी आल्यावर ती लगेच झोपली. आता पुढचे काही दिवस वाईट जाणार, हे दोघींनाही माहीत होतं. बाईंनी वही उघडली.

मंगळवार, १७ फेब्रुवारी २०२६. गोदूला डोस मिळाला. रिक्षात तिला मळमळलं, आल्याचा तुकडा दिला. स्वप्नालीने मागच्या पडवीत छोटी शेगडी लावून घेतली आहे. यापुढे फोडणी तिथेच द्यायची. दोन कवठं उरली आहेत, फ्रीजच्या खालच्या कप्प्यात ठेवली.