केशोरीपलीकडचं शांत आकाश

“हेच व्हय का गा टॉवरवाली मॅडम?”

जीपमध्ये मागच्या बाकावरच्या एका म्हाताऱ्या बाईने विचारलं. ड्रायव्हरने आरशातून माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाला, “और कौन होगी, मावशी? पेटी देखो ना.”

केशोरी गाव मागे पडून बराच वेळ झाला होता. माझ्या उपकरणाची ती पेटी माझ्या मांडीवर होती, तिपाई पायाशी. मी टॉवरवाली नाही, हे तेव्हाच सांगता आलं असतं. पण अनोळखी माणसांसमोर बोलायचं म्हटलं की मी मनात आधी इंग्रजीत वाक्य रचते, मग ते मराठीत आणते, आणि तोवर गप्पा पुढे गेलेल्या असतात. या वेळी त्या कोणाच्या तरी साखरपुड्यावर गेल्या. मी खिडकीबाहेर पाहत राहिले.

पुण्याहून निघून आदल्या दिवशी गोंदियाला उतरले होते. स्टेशनावर चहावाल्यापासून हमालापर्यंत सगळे हिंदीत बोलत होते. सकाळच्या पॅसेंजरने अर्जुनीकडे निघाल्यावर डब्यात मराठी परत आली, पण ती माझ्या ओळखीची नव्हती. ‘का’च्या जागी ‘काऊन’, आणि कोणी जात नव्हतं, सगळे ‘जाऊन राहिले’ होते. धान कापून झालं होतं. रुळांच्या दोन्ही बाजूंना बुडख्यांचे पिवळट चौकोन, मध्येच एखादा तलाव, त्यात कमळाची करपलेली पानं, आणि शेतात एकेकटी उभी मोहाची झाडं. जंगलाचा पट्टा आला की हवा एकदम गार व्हायची.

मी आकाशगंगांमधल्या चुंबकीय क्षेत्रांवर संशोधन करते. पृथ्वीला असं क्षेत्र आहे, हे शाळेत होकायंत्र हातात घेतलेल्या सगळ्यांना माहीत असतं. सूर्यालाही आहे, त्याच्यावरचे काळे डाग म्हणजे त्या क्षेत्राचा पीळ पृष्ठभागावर फुटून आलेल्या जागा. पण ताऱ्याताऱ्यांमधल्या रिकाम्या वाटणाऱ्या अवकाशातही ते आहे. पृथ्वीच्या क्षेत्राच्या लाखाव्या हिश्शाइतकं क्षीण, आणि तरी अख्ख्या आकाशगंगेभर पसरलेलं. ते दिसत नाही. फार दुरून निघालेल्या रेडिओलहरीच्या कंपनाची दिशा त्यातून येताना किंचित फिरते, आणि त्या फिरण्यावरून आम्ही त्याचा अंदाज बांधतो. विश्वात हे पहिल्यांदा कुठून आलं, हे अजून कोणालाच नीट ठाऊक नाही.

या लहरी इतक्या अशक्त असतात की जवळचा एखादा मोबाइल टॉवर त्यांना बुडवून टाकतो. म्हणून आमच्या गटाला अँटेना उभी करायला अशी जागा हवी होती, जिथे टॉवर नाही आणि पुढेही येणार नाही. नकाशावर तशा जागा शोधत आम्ही या गावापर्यंत पोचलो होतो. गावाचं नाव मी लिहीत नाही.

जीप विहारासमोर थांबली तेव्हा अर्धं गाव जमलं होतं. सरपंचांनी नारळ हातात दिला. गर्दीतून कोणीतरी ओरडलं, “मॅडम, फोर जी का फाइव्ह जी?”

“का गा, आधी एखादा जी तं येऊ दे!” दुसऱ्याने लगेच टोला दिला.

सगळे हसले. मीही हसले. माझं हसणं त्यांनी होकार म्हणूनच घेतलं असावं.

माझी उतरायची सोय सुमनबाईंकडे होती. पन्नाशीच्या, सडपातळ, डोक्यावरचा पदर सारखा सावरणाऱ्या. त्यांनी पेटीला हात घातला. “दे वं माय, थकली असशीन.” पेटी मी कोणाला देत नाही, तरी दिली. जेवायला भात आणि बोडीतल्या (बोडी म्हणजे शेताकाठचं लहान तळं) मासोळ्यांचा रस्सा होता. दुसऱ्या घासाला माझ्या डोळ्यांतून पाणी आलं.

“पुन्यात मिरची भेटत नाही का?” त्यांनी अगदी गंभीरपणे विचारलं, आणि न विचारता आणखी भात वाढला.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही जागा पाहायला गेलो. धानाच्या शेतातल्या बांध घातलेल्या एकेका तुकड्याला इकडे बांधी म्हणतात. आजूबाजूच्या सगळ्या बांध्यांमध्ये लाखोरी या कडधान्याची कोवळी हिरवळ होती. फक्त सुमनबाईंची उंचावरची बांधी उघडी, भेगाळलेली.

“ही रिकामी का?” मी विचारलं.

“तुह्यासाठीच तं ठेवली. पत्र आलं ना, अँटेनाले जागा पायजे म्हनून. मंग मी इथं लाखोरी नाही फेकली.”

लाखोरी धान उभं असतानाच खालच्या ओल्या चिखलात फेकतात. धान कापल्यावर जमीन वाळते, मग लाखोरी धरत नाही. म्हणजे या बांधीचं यंदाचं पीक मी यायच्या आधीच गेलेलं होतं.

“पण मावशी, कशासाठी?”

त्या पेटीवरची धूळ पदराने पुसत होत्या. पुसता पुसताच बोलल्या. “मागच्या पावसाळ्यात सून अडली. नेटवर्क भेटते तलावाच्या पाळीवर. पोरगा तेवढ्या पान्यात पाळीवर गेला. फोन लागे, कटे. लागे, कटे. गाडी येईपर्यंत लेकरू गेलं. सून वाचली.” मग पेटी माझ्यापुढे सरकवून म्हणाल्या, “दुसऱ्याच्या घरी तं असं नको.”

मी तिपाई उभी केली, छोटी अँटेना बसवली, तारा जोडल्या. हाताला काम होतं म्हणून बरं वाटलं.

पुण्यात याच उपकरणाच्या पडद्यावर दाट गवतासारखे उंच काटे उगवतात: फोन, वायफाय, गाड्या, सगळ्यांचा गोंगाट. इथे रेघ जवळपास सपाट आली. मी तारा पुन्हा तपासल्या. बिघाड नव्हता. इतकी शांत जागा आमच्यापैकी कोणालाच अजून मिळाली नव्हती. माझा पुढचा सगळा प्रबंध त्या रेघेवर उभा राहू शकत होता, आणि मला आनंद झाला, हेही खरं.

“काय दिसून राह्यलं?” सुमनबाई वाकून पाहत होत्या.

“काहीच नाही.”

“मंग तं खराब झालं.”

“नाही, चांगलं आहे. वरून येणाऱ्या लहरी इथे नीट पकडता येतील.”

“लहरी म्हनजे फोनच्याच ना?”

“तशाच,” मी म्हणाले.

ते खोटं नव्हतं. दोन्ही रेडिओलहरीच. पण सुमनबाईंचा चेहरा उजळला, आणि आपण काय केलं हे मला पुरतं कळलं.

दुपारी मी तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, गेले. तिथे एका अर्जुनाच्या झाडाखाली माणसं अंतराअंतराने उभी होती, प्रत्येकाची जागा ठरलेली. एक बाई सगळ्यांकडे पाठ करून हैदराबादला गेलेल्या नवऱ्याशी बोलत होती. बोलणं सगळ्यांना ऐकू येत होतं आणि सगळे ऐकू येत नसल्यासारखे तलावाकडे पाहत होते. उतारावर सांडव्याचं पाणी वाहत होतं. त्यात बुडालेलं गवत एकाच दिशेला झुकलेलं होतं. आकाशगंगेतले धुळीचे कणही चुंबकीय क्षेत्रात असेच एका दिशेने लागतात. एरवी मी त्याचा फोटो काढला असता.

माझे मार्गदर्शक सर तिसऱ्या प्रयत्नात लागले. आकडे ऐकून ते खूश झाले. मग मी टॉवरचं सांगितलं.

“पत्रात आपण अँटेनाच लिहिलंय ना?” ते म्हणाले. “त्यांनी टॉवर वाचलं, त्याला आपण काय करणार? ग्रामसभेचा ठराव होऊ दे, मग शांतपणे समजावू. आणि हे बघ, तिथे टॉवर आला तर साइट गेली. तू काही बोलू नकोस.”

“बरं,” म्हणेपर्यंत फोन तुटला. न बोलणं मला तसंही जमतं. आयुष्यभर माझ्या गप्प राहण्याला लोकांनी शहाणपणा म्हटलं आहे.

तिसऱ्या दिवशी सकाळी निघाले. परतीच्या जीपच्या टपावर पेटी बांधली गेली. प्रवासात मी नेहमी निघतानाच गाव नीट पाहते, कारण तेव्हा कोणी माझ्याकडे पाहत नसतं. इथे मात्र सगळे माझ्याकडेच पाहत होते. विहाराच्या ओट्यावर सुमनबाईंची सून बसली होती. दोन दिवसांत ती माझ्याशी एक शब्दही बोलली नव्हती. आता तिने हात हलवला.

मला वाटत होतं की माझं काम कोणाच्याच आड येत नाही. इतक्या दूरच्या, इतक्या क्षीण गोष्टीने कोणाचं काय बिघडणार? पण ती ऐकायची तर कोणाला तरी गप्प बसावं लागतं, आणि ते कोणी बसायचं, हे आम्ही पुण्यात नकाशावर ठरवलं होतं.

सरपंच खिडकीशी आले. “मॅडम, एक काम हलकं झालं. टॉवरसाठी आमचा अर्ज पडून आहे तालुक्याले. आता तुमचाच येऊन राह्यला, तं तो मागं घेऊन टाकतो. दोन दोन कायले?”

“घ्या ना मागं,” मागून कोणीतरी म्हणालं. “दरवेळी चकरा कोन मारते?”

सुमनबाईंनी खिडकीतून पानात बांधलेला भात आत दिला. “मंग कवा उभा होते वं, माय?”

ड्रायव्हरने गाडी सुरू केली. “चलें, मॅडम?”

मी दार उघडून खाली उतरले. वाक्य मनात रचायला वेळ नव्हता, आणि आवाज मला वाटला होता त्याहून मोठा निघाला.

“मावशी, तो टॉवर नाही. त्याच्याने तुमचा एकही फोन लागणार नाही. तो फक्त आकाशातलं ऐकायला आहे, आणि तो इथे उभा राहिला तर आम्ही खरा टॉवर येऊ देणार नाही. सरपंचसाहेब, अर्ज मागे घेऊ नका. आणि मावशी, तुमची बांधी मला देऊ नका.”