फळीचा आवाज

काल जिना उतरताना अनुपमाच्या डाव्या पायातली चप्पल निघाली आणि ती तशीच अनवाणी खाली गेली, हे रत्नप्रभाबाईंच्या मनातून काही केल्या जाईना. चप्पल निघाली म्हणून नव्हे, निघालेली लेकीला कळली नाही म्हणून. "अगं, चप्पल!" असं त्या वरून ओरडल्या, तेव्हा अनुपमाने पायाकडे पाहिलं ते जणू तो दुसऱ्या कुणाचा असावा तसं.

कांदिवलीत वाढलेली ही पोर. गिरणीच्या संपात दत्ताराम, तिचे वडील, घरी बसले ते बसलेच. कॉलेजच्या एकांकिकांत लोकांना हसवणारी अनुपमा मग धंदेवाईक नाटकात शिरली. काम मोलकरणीचं: दोन वाक्यं आणि चहाचा ट्रे. बाकी वेळ ती विंगेत उभी राहून जयाताईंची, म्हणजे नाटकातल्या खाष्ट मावशीची, वाक्यं ओठांत घोळवायची. जयाताईंना कावीळ झाली. एका प्रयोगापुरती म्हणून अनुपमा पोटाला कापसाची गादी बांधून मावशी झाली. जयाताई बऱ्या होऊन आल्या, तेव्हा निर्माते नानांनी त्यांना शाल दिली आणि पाहुण्या म्हणून पहिल्या रांगेत बसवलं.

"काय टाळ्या वाजवत होत्या गं, आई!" घरी येऊन अनुपमा म्हणाली. "हात लाल झाले असतील."

दुसऱ्या अंकात मावशी स्टुलावर चढून फळीवरचा लाडवांचा डबा काढते. घाटकोपरच्या प्रयोगात स्टूल सरकलं आणि अनुपमा पाठीवर आदळली. "आई गं!" ती कळवळली. प्रेक्षक हसून हसून लोळायचे बाकी राहिले. रत्नप्रभाबाई खुर्चीतून ताडकन उठल्या.

"ओ बाई, बसा ना खाली! दिसत नाहीये!" मागून कुणीतरी खेकसलं.

मध्यंतरात दिग्दर्शक मार्तंड खूश. "झकास! हे ठेवायचं. दर प्रयोगाला पडायचं."

"मग पाठीलाही गादी बांधू द्या ना, दादा."

"वेडी आहेस का? गादीवर धप्प वाजतं. लोकांना स्टेजच्या फळीचा आवाज पाहिजे. आणि ते 'आई गं' असंच हां, आतून."

तेव्हापासून गादी पुढे आणि पडणं मागे.

दूरदर्शनवरच्या प्रहसनातही तिला पाडलं, आणि अनुपमा घरोघरी पोचली. इमारतीतली पोरं तिच्या मागून 'आई गं' करत धपाधप पडायची. बोरिवलीचं एक स्थळ आलं. कांदेपोहे खाता खाता मुलाची आई म्हणाली, "एकदा पडून दाखव ना! आमच्या ह्यांना फार आवडतं." अनुपमा पडली. पाहुणे पोट धरून हसले आणि दुसऱ्या दिवशी नकार कळवला: मुलगी चांगली आहे हो, पण लोक हसतील.

डॉक्टरांनी सांगितलं, मणका सरकलाय, आणखी पडलात तर पाय जाईल. अनुपमाने गादीखाली पट्टा आवळला. त्यातच आज मुलुंडचा प्रयोग, आणि दर आठवड्याच्या नव्या मालिकेसाठी माणसं निवडणारे लोक तिला बघायला यायचे होते.

"बरं नाही म्हणून सांग ना," सकाळी रत्नप्रभाबाई काकुळतीला आल्या. "एक प्रयोग तर आहे."

"जयाताईंचाही एकच चुकला होता. मोलकरणीचं काम आता वसुधा करते. विंगेत उभी राहून माझी वाक्यं पुटपुटते. मला दिसतं ना."

"आणि पाय गेला तर?"

"तर बसल्या बसल्या पडेन," म्हणून ती स्वतःच हसली आणि आंघोळीला गेली.

नानांना पाठीची दया येणार नाही, हे रत्नप्रभाबाई जाणून होत्या. पण पोरगी मालिकावाल्यांसमोर स्टेजवर लुळी पडली आणि प्रयोग बंद करावा लागला तर लोक तिकिटाचे पैसे मागतील, एवढं म्हटलं की नाना ऐकतील. मग मावशी वसुधाची. मालिकाही तिचीच. एक दिवस अनुपमाला शाल मिळेल आणि पहिल्या रांगेतली खुर्ची. ती आईचं तोंडही बघणार नाही.

वसुधाची पाठही हाडामासाचीच होती. हा विचार आला तसा त्यांनी झटकून टाकला.

न्हाणीघरात पाणी वाजत होतं. रत्नप्रभाबाई पायात चप्पल सरकवून खालच्या दुकानातल्या फोनकडे निघाल्या. काय बोलायचं ते जिन्यातच ठरलं: नाना, आज वसुधाला गादी बांधा.