रिकामा फुगा

अण्णाचं आणि माझं शेवटचं मोठं भांडण एका सुपरहिरोवरून झालं. अण्णा म्हणजे माझा थोरला भाऊ. चाळिशी उलटली तरी चित्रकादंबऱ्या वाचायचा. लाडक्या मालिकेचं शेवटचं पुस्तक जे. पी. नगरच्या घरी आलं, तेव्हा त्याच्या फुप्फुसांनी दगा द्यायला सुरुवात केली होती.

शेवटच्या पानावर हिरो फुटत्या धरणाकडे निघालाय. मागे वळून बघतोय, तोंडाशी बोलण्याचा फुगा आहे आणि फुग्यात एक अक्षर नाही. संपलं पुस्तक.

"मेला," मी म्हणाले. मला अधांतरी काही सोसत नाही. एवढं पाणी अंगावर आल्यावर माणूस वाचतो होय? अंगात झगा आहे म्हणून काय झालं!

"सुम्ने बस गं," अण्णा आमच्या घरच्या कानडीमिश्रित मराठीत खोकत म्हणाला. "जिवंत आहे तो."

आईला इंग्रजी येत नाही. तिने चष्मा लावून चित्र पाहिलं. "जाताना काय म्हणतोय?"

"काही नाही. फुगा रिकामाच आहे."

"असं कसं? येतो म्हणाला असणार. निघताना कुणी जातो म्हणतं का?"

आमच्याकडे चुकून कुणी 'जातो' म्हणालं, तर आई त्याला फाटकातून परत बोलवायची, घोटभर पाणी पाजायची आणि 'येतो' म्हणवून घेऊनच सोडायची.

"सरी, ठरलं! आईने निकाल दिला," अण्णा हसला. मी काही मानलं नाही.

पुढे अण्णाला श्वास पुरेनासा झाला. हॉस्पिटलात त्याला अतिदक्षता विभागात नेताना मी स्ट्रेचरबरोबर धावत होते. दाराशी त्याने मान वळवली. प्लास्टिकच्या मास्कमागे तोंड हललं, आवाज आला नाही. दार लागलं. अण्णा परत आला नाही.

आई मागे होती, त्याच्या चपला हातात घेऊन. "काय म्हणाला गं?"

"येतो म्हणाला."

अजूनही अवरेकाई सोलता सोलता ती मधेच थांबते. अण्णाला त्या शेंगांची उसळ फार आवडायची. "नक्की येतो म्हणाला ना?" मी हो म्हणते. ती पुन्हा सोलायला लागते.

मी आरशासमोर म्हणून पाहिलंय. 'ये' म्हणताना ओठ फाकतात, 'जा' म्हणताना जबडा खाली येतो. अण्णाचा जबडा खाली आला होता. मला त्याचा भयंकर राग येतो. एवढं एक खोटं बोलला असतास तर काय बिघडलं असतं?

परवा ते पुस्तक काढलं. शेवटचं पान उघडून बसले. हिरोचा जबडा खाली नाहीये, नुसते ओठ फाकलेत. इतकी भांडले, पण कधी नीट पाहिलंच नव्हतं.

तू जिंकलास, अण्णा. जिवंत आहे तो.